धडपड्या पडतो तेव्हा

चादर कोणती लावायची यावरून रविवारी, जेवणं आटपल्याआटपल्या, घरात दोन तट पडले. माईंचं म्हणणं, पाहुण्यांसाठी ठेवलेली पांढरी लावा, कडेला वेलबुट्टी असलेली. मास्तरचं म्हणणं, वेलबुट्टी मुळीच नको. भिंतीवर अप्पांचा चेहरा यायचा आहे, कानातून फुलं उगवलेली दिसतील. वाद पाऊण तास चालला. मग खालच्या मजल्यावरून बेबी आली, शिवणकामाच्या टेबलावर अंथरायची स्वतःची चादर खांद्यावर टाकून, आणि कोणालाही न विचारता खुर्चीवर चढून तिनं ती भिंतीला ठोकून टाकली. बेबीचं वय त्रेचाळीस. लहानपणी चिकटलेलं नाव आता कोण काढणार?

"भिंतीला खिळे?" मास्तर कळवळला.

"मग तू धरून उभा राहतोस का, दादा? राहा. मला काय!"

मास्तर म्हणजे तिचा चुलतभाऊ, अप्पा-माईंचा एकुलता एक मुलगा. पन्नाशीचा, शाळेचा मुख्याध्यापक, घरातही घंटेवर चालणारा. आज मात्र त्याला घाम फुटला होता. चार वाजता चित्रपट संग्रहालयातली बाई येणार होती आणि तिच्यासोबत अप्पा येणार होते, म्हणजे एकतीस वर्षांचे अप्पा. खरे अप्पा, शहात्तर वर्षांचे, खिडकीपाशी आरामखुर्चीत पाय लांब करून बसले होते, आणि या सगळ्याशी आपला काही संबंध नाही असा चेहरा करून होते. चेहरे करणं हाच एके काळी त्यांचा धंदा होता.

मूकपटांच्या जमान्यात सहा वर्षं अप्पा 'धडपड्या' होते. कानांपर्यंत येणारी हॅट, दोन मापं मोठी पँट आणि जिथे जाईल तिथे आपटणं. असे अठ्ठावीस छोटे विनोदी चित्रपट त्यांनी केले आणि एकही कुठे उरला नाही. जुन्या माणसांनाही आता धडपड्या आठवत नसे. मग गेल्या महिन्यात एका बंद पडलेल्या थिएटरच्या पोटमाळ्यावर एक डबा सापडला. आत फिल्म होती, पण सुरुवातीचा, नावांचा भाग चिकटून त्याचा लगदा झाला होता. म्हणून संग्रहालयाला घरच्यांकडून लेखी हवं होतं, की यात कोण आहे. त्यावरून नावांची नवी पाटी तयार करून ती चित्रपटाला जोडणार होते आणि येत्या शनिवारी भरल्या थिएटरात तो दाखवणार होते.

ते लेखी मास्तरनं वळणदार अक्षरात तयारच ठेवलं होतं. 'धडपड्याची भूमिका आणि त्यातली सर्व साहसं मी एकट्याने केली.' खाली सहीची जागा.

'एकट्याने' हा शब्द त्यानं दोनदा गिरवला होता. त्याला कारण होतं. शाळेत असताना पोरं त्याला 'विदूषकाचा मुलगा' म्हणून चिडवायची आणि त्यावर त्याचं एकच उत्तर असायचं: माझे वडील खरोखरचे पडायचे, स्वतः पडायचे, तुमच्यापैकी कोणाचा बाप पडून दाखवेल? पोस्टरवरही तसंच छापलेलं असे. या एका वाक्यावर तो शाळेची सगळी वर्षं ताठ मानेनं चालला होता. पुढे त्यानं अप्पांवर एक छोटी पुस्तिका लिहिली, तिचं नावसुद्धा तेच.

*

स्वयंपाकघरात माई कप पुसत होत्या. पुसलेलेच पुन्हा पुसत होत्या, कारण बेबी दारात येऊन उभी राहिली होती आणि तिचा चेहरा त्यांना बरा दिसला नाही.

"माई, दादानं लिहिलेला कागद वाचलात?"

"मला मेला चष्माच सापडत नाहीये."

"डोक्यावर आहे."

माईंनी चष्मा खाली ओढला आणि कपाकडे बघत राहिल्या.

"आईनं जायच्या आधी मला सगळं सांगितलंय," बेबी म्हणाली. "धडपड्याचे कपडे तुम्ही शिवायचात. एकाच कापडाचे, एकाच मापाचे, दोन जोड. त्यातल्या एका पँटला आतून कापसाची गादी. ती पँट कोण घालायचं, माई?"

एवढ्या वर्षांत हे घरात कोणी मोठ्यानं बोललं नव्हतं. ती गादी शिवताना माईंच्या बोटांना भोकं पडली होती, आणि तेव्हा नवी नवी आलेली धाकटी जाऊ शेजारी बसून म्हणाली होती, "अजून थोडा कापूस घाला ना, वहिनी." त्या जावेची ही मुलगी. डोळे अगदी तिचे.

"दोघा भावांनी शब्द दिला होता," त्या अखेर म्हणाल्या. "कंपनीचा मालक म्हणायचा, लोकांना वाटलं पाहिजे एकच माणूस आहे. हसणारा, रडणारा चेहरा आमच्या ह्यांचा. पडायची वेळ आली की हे हॅट डोळ्यांवर ओढायचे, तिथे कॅमेरा थांबायचा. मग हे बाजूला आणि त्याच जागी, तशीच हॅट ओढून, तुझे बाबा. पुढचं सगळं त्यांचं. जिने, शिड्या, छपरं."

"आणि पेपरवाले लिहायचे, काय ती हॅट ओढायची लकब!"

"लिहायचे खरं." माईंना हसू आलं, ते त्यांनी आवरलं. "बेबी, झालं गेलं. तुझे बाबासुद्धा नको म्हणतील बघ."

"मालक मेला, कंपनी बुडाली, थिएटरं पडली. शब्द कोणासाठी पाळताय तुम्ही लोक? माझे बाबा बहात्तरचे झाले. लोकांना ते कोण ठाऊक आहेत? स्टुडिओत परांचीवरून पडलेले लंगडे सुतार." तिचा आवाज फुटला. "हा कागद आज गेला, की संपलं. मग कायमचं तेच."

*

काकांना, म्हणजे बेबीच्या बाबांना, खालून वर यायला चौदा पायऱ्या लागत. आधी काठी, मग चांगला पाय, मग दुसरा. वर पोचेपर्यंत बैठकीत काय चाललंय ते त्यांना जिन्यातच ऐकू आलं, आणि अर्ध्यावरून परत फिरावं असं फार वाटलं. पण फिरायलासुद्धा तेवढाच वेळ लागला असता.

"खोटा आहे कागद!" बेबी म्हणत होती.

"काका सुतार होते, बेबी. सेट उभे करायचे. सगळ्या घराला माहीत आहे."

"घराला जे सांगितलं तेच माहीत आहे."

"हे बघा, आले काका. आता त्यांनाच विचारू." मास्तरनं पुढे होऊन त्यांना हात दिला, खुर्ची सरकवली, पाठीशी उशी ठेवली. ही सगळी काळजी खरी होती. मास्तरचा काकांवर जीव होता. "काका, तुम्ही सांगा. स्टुडिओत तुम्ही काय करायचात?"

काकांनी आधी मुलीकडे पाहिलं. मग खिडकीपाशी बसलेल्या भावाकडे. अप्पा बाहेर बघत होते. पंचेचाळीस वर्षं दोघं एकाच घरात वर-खाली राहिले. हवापाण्यावर बोलले, औषधांवर बोलले, शेजाऱ्यांच्या कुत्र्यावर तर तासन्‌तास बोलले. सिनेमावर कधी नाही. काकांना त्याचं कारण ठाऊक होतं. पाय मोडला तो आपला, पण काम गेलं ते अप्पाचं. पडणाराच खाटेला खिळला तर धडपड्या पडणार कसा? बोलपट आले, अप्पाचा आवाज पातळ निघाला, असं घरात सांगतात. त्याआधीच सगळं आटोपलं होतं. भावाच्या पोटावर आपण पाय दिला, तोही मोडका. आता निदान नाव तरी त्याचं त्याला राहू दे.

"मी सुतार होतो," काका म्हणाले.

बेबी वडिलांकडे बघत राहिली. परक्या माणसानं खोटं बोलावं आणि आपल्या माणसानं बोलावं यात फरक असतो. तिनं खुर्ची उचलली आणि सगळ्यांच्या मागे, भिंतीला टेकवून ठेवली.

"बघा," मास्तर हळूच म्हणाला. जिंकल्याचा आनंद त्याला झाला नाही, पण सुटल्यासारखं वाटलं. त्यानं पेन पुढे केलं. "अप्पा, करून टाका सही."

अप्पांनी पेन घेतलं, टोपण काढलं, पुन्हा लावलं.

"आधी सिनेमा बघू," ते म्हणाले. "मी कसा दिसतो ते तरी कळू दे."

*

बाई आल्या, अगदी चाराच्या ठोक्याला. त्यांच्यामागून दोन माणसांनी जड यंत्र वर आणून ठेवलं. बाई तिशीच्या, चुणचुणीत, आणि अप्पांना बघून एवढ्या खूष झाल्या, की माईंनी चहात जरा जास्तच साखर घातली. खिडक्यांना घोंगड्या लावल्या. "ही जुनी फिल्म नाही, तिच्यावरून काढलेली नवी प्रत आहे," बाई म्हणाल्या. "आणि गंमत म्हणजे थिएटरात दाखवली जायची तशी नाही वाटत. कंपनीच्या कात्रीखाली जाण्याआधीची असावी. काही तुकडे लांबच लांब आहेत."

काकांनी काठीवरची मूठ आवळली. अंधारात ते कोणाला दिसलं नाही.

यंत्र घरघरू लागलं, आणि बेबीच्या चादरीवर अप्पा आले. लांबुडका चेहरा, भुवया वर, खांद्यावर शिडी. शेठच्या बंगल्याला रंग द्यायला आलेला धडपड्या. तो वळला की शिडी फिरे आणि मागचा नोकर आडवा होई. सॉरी म्हणायला वळला की पुढचा. माई पदर तोंडाला लावून हसत होत्या. खुद्द अप्पा हसत होते, आपण नव्हेच कोणी दुसरा असल्यासारखे. आणि मास्तर, ज्याला शाळेत कोणी हसताना पाहिलं नव्हतं, तो मांडीवर थापा मारत होता. "काय चेहरा आहे! अप्पा, काय चेहरा आहे हो!"

चेहरा होताच तसा. मागे बसलेल्या बेबीलाही ते कबूल करावं लागलं. पण धडपड्यानं हॅट डोळ्यांवर ओढली की ती चेहरा सोडून पायांकडे बघायची. शिडीवर चढणारे पाय. चुन्याच्या पिंपात उलटे गेलेले, हवेत लाथा झाडणारे पाय. सगळे हसत होते आणि तिला हुंदका दाबावा लागत होता.

मग धडपड्या छपरावर गेला. घसरला. कौलांवरून पाठीवर सरकत आला आणि खाली रचलेल्या पोत्यांवर आदळून चेंडूसारखा उसळला. तेवढ्यात वाऱ्यानं हॅट उडाली.

पडद्यावर कुरळ्या केसांचा, गोल चेहऱ्याचा एक तरुण उठून उभा राहिला. समोरच्या दोन दातांत फट. हॅट गेल्याचं लक्षात आलं तसा तो कॅमेऱ्याकडे बघून चक्क हसला, जीभ चावून, सापडलेल्या चोरासारखा.

"काका!" मास्तर ओरडला. "अरे, काका! आपले काका!"

त्या क्षणी तो पन्नास वर्षांचा नव्हता. पाच वर्षांचा होता आणि या कुरळ्या केसांना मुठीत धरून कोणाच्या तरी खांद्यावर बसला होता, आणि खालचा माणूस रस्ताभर धावत होता. हा चेहरा तो विसरला आहे हेसुद्धा त्याला माहीत नव्हतं.

बाईंनी चटकन यंत्र थांबवलं आणि आतला दिवा विझवला. थांबलेली फिल्म तापते. खोलीत काळोख झाला.

"कोण म्हणालात?"

मास्तरनं तोंडावर हात ठेवला होता. अजूनही 'चुकलो' म्हणता आलं असतं. जुनी फिल्म, अंधुक चेहरा, म्हातारे होत चाललेले डोळे; कोणीही विश्वास ठेवला असता. मागून बेबीचा श्वास त्याला ऐकू येत होता. ती एक शब्द बोलली नाही.

"माझे काका," मास्तर म्हणाला. मग घसा साफ करून, वर्गात म्हणतात तसं स्पष्ट म्हणाला, "हे. या खुर्चीत बसलेत ते."

*

माईंनी घोंगडी बाजूला केली. उजेडात सगळ्यांचे चेहरे रडल्यासारखे दिसत होते. दोघांचे तर खरोखरच ओले होते.

"पडायचं सगळं यानं केलं," अप्पा म्हणाले. "पहिल्यापासून. हॅट खाली आली की मी संपलो आणि हा सुरू. लिहून घ्या, बाई."

"अप्पा, राहू दे रे," काका म्हणाले. "माझ्यामुळे तुझं काम गेलं. आता वर नावही वाटून घेऊ?"

"तुझ्यामुळे?"

"मग काय? घराला सांगायला आवाजाचं ठीक आहे. पडणाराच मोडला म्हणून तुला कंपनीनं काढलं, मला काय ठाऊक नाही?"

अप्पा आरामखुर्चीत सरळ झाले. "काढलं? अरे, तीन माणसं आणून उभी केली होती माझ्यापुढे. तुझ्या जागी. त्यातला सर्कशीतला एक तर तुझ्याहून बरा पडायचा."

"बरा?"

"बरा."

"माझ्याहून?"

"तू डावीकडेच पडायचास. तो दोन्हीकडे."

"डावीकडे कॅमेरा असायचा म्हणून पडायचो, मूर्खा!"

"मीच नको म्हटलं," अप्पा म्हणाले. "मालक आठ दिवस घरी खेपा घालत होता. हिला विचार. मी हॅट डोळ्यांवर ओढायची आणि खालून दुसराच कोणी निघायचा, हे मला जमेना. मी काम सोडलं. कोणी काढलं नाही मला."

काका भावाकडे वळले. "मग मला कधी सांगितलं का नाहीस?"

"काय सांगू? लोकांनी मला हसावं म्हणून तुझा पाय मोडला. कुठल्या तोंडानं तुझ्यापाशी येऊन सिनेमा काढू?"

"पंचेचाळीस वर्षं!" काकांनी काठी फरशीवर आपटली. "चौदा पायऱ्या खाली राहतो मी! सिनेमा नको, शिव्या द्यायला तरी यायचंस! मी आपला समजतोय, याचं वाटोळं केलं मी, आणि हा समजतोय... वहिनी, तुम्हांला तरी काही सुचलं नाही का हो?"

"मला दोघांनी शपथ घातली होती," माई म्हणाल्या. "वेगवेगळी. दोघांनीही एकमेकांना सांगू नका म्हणून. आता बसा भांडत. बाईंचा चहा थंड झाला तो मी परत करते." आणि डोळे पुसत त्या आत गेल्या. त्यांच्या पाठोपाठ कपांचा आवाज जरा जास्तच मोठा आला.

मास्तर टेबलापाशी उभा होता. कागदावरचा दोनदा गिरवलेला शब्द त्यानं पाहिला. आयुष्यभराचं त्याचं एकुलतं एक उत्तर खोटं निघालं होतं, आणि ते त्याला लागलं, चांगलंच लागलं. त्यानं कागद उलटा केला आणि कोऱ्या बाजूवर लिहायला घेतलं. पहिल्या ओळीत वडिलांचं नाव, दुसऱ्या ओळीत काकांचं, दोन्ही एकाच मापाच्या अक्षरात. खाली त्यानं लिहिलं, 'धडपड्या : हे दोघे.'

"पुस्तिका पुन्हा लिहावी लागणार," तो बेबीला म्हणाला. "तुझ्या आईनं काय काय सांगितलंय ते मला नीट सांग. तारखांसकट."

"तारखा कुठून आणू? तू म्हणजे ना, दादा..." पण ती त्याच्या शेजारी येऊन उभी राहिली होती.

मास्तरनं कागद आधी काकांपुढे धरला. काकांनी बराच वेळ तो लांब धरून, जवळ धरून वाचला. मग सही केली आणि पेन भावाकडे दिलं. अप्पांनी त्याखाली केली.

"शनिवारी दोघांनीही यायचं हं," बाई म्हणाल्या. त्यांनी कागद जपून पिशवीत ठेवला. "आत्ता उरलेलं दाखवू का? दोनएक मिनिटं आहे. त्या तुकड्यात पुढे हॅटच्या मागे धावणं आहे. फार लांबलंय, पण मला तोडवत नाही."

"मालक कापायला सांगून गेला होता," काका पुटपुटले. "कापणाऱ्याला सुद्धा तोडवलं नसेल."

घोंगडी पुन्हा खाली आली. दिवा लागला, यंत्र घरघरलं. या वेळी बेबी मागे गेली नाही. ती वडिलांच्या खुर्चीच्या हाताला धरून उभी राहिली.

तिनं जन्मापासून वडिलांना एकाच तऱ्हेनं चालताना पाहिलं होतं. आधी काठी, मग चांगला पाय, मग दुसरा. त्या चालीचा आवाज म्हणजेच बाबा. आणि समोर चादरीवर तो कुरळ्या केसांचा मुलगा वळला, हॅट गडगडत चालली होती त्या दिशेनं पाहिलं, आणि धावत सुटला. दोन्ही पायांनी. लांब लांब ढांगा टाकत, अंगणातून, बागेतून, कपड्यांच्या दोरीखालून, सशासारखा वळणं घेत. मोठी पँट फडफडत होती आणि तो हसत होता. त्याला हॅटसुद्धा नको होती बहुतेक, नुसतं धावायचं होतं.

"बाबा," बेबी म्हणाली. "बाबा, तुम्ही..."

"आता कुंपण येईल बघ," काका खुर्चीत पुढे सरकून म्हणाले. "छातीएवढं आहे. अप्पा, आठवतं?"

"मी डोळे मिटून घेतले होते."

कुंपण आलं. हॅट पलीकडे उडून गेली. मुलगा थांबला नाही, उलट त्यानं वेग वाढवला.

"मारा उडी!" बेबी ओरडली. "बाबा, मारा!"

आणि त्यांनी मारली.